गाणी मोजायची की चित्रपट? वसंत देसाईंच्या निमित्ताने ‘एकका’बद्दल

सिनॉप्सिस लिहिणाऱ्या मुलामुलींकडून एक प्रश्न हमखास येतो. "विषय ठरलाय, डेटाही मिळतोय, पण गाईड म्हणतात विश्लेषणाचं एकक स्पष्ट नाही. म्हणजे नक्की काय स्पष्ट करायचं?" याचं पुस्तकी उत्तर दोन ओळींचं आहे: तुम्ही नेमकं काय मोजताय, एक माणूस, एक घर, एक गाव की एक पीक, ते आधी ठरवा. पण हे उत्तर पाठ करून कुणाला काही कळत नाही. एकक चुकलं की पुढचं सगळं गणित बरोबर असूनही निष्कर्ष कसा चुकतो, हे एखाद्या उदाहरणात दिसलं तरच डोक्यात बसतं.

म्हणून आज विज्ञानाबाहेरचं उदाहरण घेतोय, संगीतकार वसंत देसाई यांचं. हा लेख त्यांच्या कामाची समीक्षा आहे आणि सोबत एक पद्धतीचा धडाही आहे. माझा मुद्दा सुरुवातीलाच सांगतो. देसाईंबद्दल आपल्याकडे जे मत रूढ आहे ते ‘गाणं’ हे एकक धरून बनलेलं आहे. एकक बदलून ‘चित्रपट’ धरलं, तर दुसरेच देसाई दिसतात, आणि माझ्या मते ते जास्त मोठे आहेत.

रूढ मत काय आहे?

देसाईंवरचे बहुतेक लेख एका ठरलेल्या चाकोरीतून जातात. जन्म ९ जून १९१२, सावंतवाडी संस्थानातलं सोनवडे गाव. प्रभात, मग राजकमल. ‘घनश्याम सुंदरा’, ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’, ‘बोले रे पपीहरा’. त्यानंतर विशेषणं येतात: सात्त्विक, अभिजात, अवीट गोडीचे. आणि शेवटी हळहळ, की समकालीन संगीतकारांच्या मानाने चित्रपट कमी केले आणि म्हणावं तसं नाव झालं नाही.

यातली माहिती बरोबर आहे. अडचण विशेषणांची आहे. ‘अवीट गोडी’ खोडूनही काढता येत नाही आणि सिद्धही करता येत नाही. ज्या विधानाच्या विरोधात पुरावा कसा असेल याची कल्पनाच करता येत नाही, ते विधान संशोधनात फारसं कामाचं नसतं. "म्हणावं तसं नाव झालं नाही" हेही तसंच. कशाच्या तुलनेत? कुठल्या मापाने?

तुलना हवीच असेल तर ती नीट करू.

तुलनेसाठी एक इटालियन माणूस

इटलीत मिलान शहरात ३ डिसेंबर १९११ ला नीनो रोटा जन्मला. देसाईंपेक्षा सहा महिन्यांनी मोठा. लहानपणीच संगीतरचना करणारा मुलगा म्हणून नावाजला गेला, पुढे अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या कर्टिस इन्स्टिट्यूटमध्ये शिकला, आणि १९५० पासून बारी इथल्या संगीत विद्यालयाचा संचालक म्हणून पाव शतकाहून अधिक काळ नोकरी केली. ती सांभाळून चित्रपटांना संगीत दिलं. फेडेरिको फेलिनीसोबतची त्याची जोडी १९५२ पासून रोटाच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे १९७९ पर्यंत टिकली. पण तो फेलिनीपुरता राहिला नाही. किंग व्हिडोरचा ‘वॉर अँड पीस’, झेफिरेलीचा ‘रोमिओ अँड ज्युलिएट’, कोपोलाचा ‘गॉडफादर’ अशी त्याची कामं इटलीबाहेर पोचली. ‘गॉडफादर’च्या दुसऱ्या भागासाठी १९७५ मध्ये त्याला कार्मिने कोपोलासोबत ऑस्कर मिळालं.

त्याच वर्षी २२ डिसेंबरला वसंत देसाई मुंबईत लिफ्टच्या अपघातात गेले.

दोघांच्या कारकिर्दी साधारण एकाच काळातल्या. दोघांच्याही मागे एक मोठा दिग्दर्शक: तिकडे फेलिनी, इकडे व्ही. शांताराम. दोघांचंही संगीत परदेशी पडद्यांवर वाजलं. ‘शकुंतला’ (१९४३) १९४७ मध्ये न्यूयॉर्कला लागला. ‘अमर भूपाळी’ (१९५१) कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता आणि तिथे त्याच्या ध्वनिमुद्रणाची पुरस्काराने दखल घेतली गेली. ‘दो आँखें बारह हाथ’ला (१९५७) बर्लिनमध्ये रौप्य अस्वल मिळालं आणि अमेरिकेत गोल्डन ग्लोबचा सॅम्युअल गोल्डविन पुरस्कार. मग रोटा जगाला माहीत आणि देसाई महाराष्ट्राबाहेर जेमतेम माहीत, असं का?

इथे घाई करून "पाश्चात्त्यांचा पूर्वग्रह" असं लिहून मोकळं होता येतं. पूर्वग्रह असेलही. पण त्याआधी जवळचं कारण तपासायला हवं, आणि जवळचं कारण डेटामध्ये आहे.

डेटा कुठून येतो?

आमच्या डिंभ्याचं उदाहरण देतो. घोड नदीवरच्या धरणाच्या जलाशयाखाली काही जुन्या गावांच्या जागा गेल्या. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की जुन्या वस्तीच्या खुणा उघड्या पडतात. समजा बाहेरून आलेल्या कुणी फक्त ऑगस्टमध्ये पाहणी केली आणि अहवालात लिहिलं की "येथे वस्तीची कोणतीही खूण आढळली नाही". त्याचं प्रत्येक निरीक्षण खरं, आणि निष्कर्ष साफ चुकीचा. नमुना घेण्याची वेळच त्याला जे दिसणार ते ठरवत होती.

हिंदी-मराठी चित्रपटसंगीताच्या बाबतीत ऑगस्टचं काम ७८ आरपीएमच्या तबकडीने केलं. एका बाजूला साधारण तीन-साडेतीन मिनिटं. एवढ्यात एक गाणं बसतं. त्यामुळे बाजारात आलं ते गाणं, रेडिओवर वाजलं ते गाणं, संग्राहकांनी जपलं ते गाणं, आणि पुढे कॅसेट, सीडी आणि यूट्यूबवर चढलं तेही गाणंच. दोन गाण्यांच्या मधलं संगीत, म्हणजे प्रसंगाखाली वाजणारे तुकडे, एखादं एकटं वाद्य, मुद्दाम ठेवलेली शांतता, हे सगळं चित्रपटाच्या प्रिंटमध्येच राहिलं.

रोटाच्या बाबतीत उलटं घडलं. युरोप-अमेरिकेत चित्रपटाचं पार्श्वसंगीत ही स्वतंत्र रचना मानली जाते. ते वेगळ्या तबकडीवर निघतं, मैफलीत वाजतं. एक गमतीदार पुरावा पाहा. ‘गॉडफादर’च्या पहिल्या भागासाठी रोटाला ऑस्करचं नामांकन मिळालं आणि मग ते मागे घेतलं गेलं, कारण त्यातली एक धून त्याने १९५८ च्या ‘फोर्तुनेल्ला’ या इटालियन चित्रपटात आधी वापरली होती. नामांकन काढून घेणं ही त्याच्यासाठी वाईट बातमी. पण त्यातून एक गोष्ट कळते: पार्श्वसंगीताच्या एका धुनेचा मालक कोण, ती नवी की जुनी, याचा हिशोब ठेवणारी यंत्रणा तिथे होती. आपल्याकडे राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत गाणी आणि पार्श्वसंगीत यांना वेगवेगळे पुरस्कार नियमितपणे मिळू लागले ते २००९ सालच्या चित्रपटांपासून. देसाईंना जाऊन तेव्हा चौतीस वर्षं झाली होती.

सांगायचा मुद्दा असा की रोटा आणि देसाई यांची तुलना आपण करतो तेव्हा एकाचं सगळं काम आणि दुसऱ्याचं तबकडीवर मावलेलं काम शेजारी ठेवतो. हे माप सारखं नाही.

गृहीतक मांडू

आता एकक बदलतो आणि चित्रपट धरतो. ऐकण्याऐवजी पाहतो. देसाईंचे चित्रपट ओळीने पाहिले की एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते. त्यांच्या महत्त्वाच्या चित्रपटांत संगीत कथेच्या बाहेरून येत नाही. कथेतलंच कुणीतरी गातं किंवा वाजवतं, आणि ते गाणं-वाजवणं हा त्या माणसाचा धंदा, साधना नाहीतर आधार असतो. ‘लोकशाहीर रामजोशी’ आणि ‘अमर भूपाळी’त शाहीर, ‘झनक झनक पायल बाजे’त नर्तक, ‘गूँज उठी शहनाई’त शहनाईवादक, ‘दो आँखें’त प्रार्थना करणारे कैदी, ‘गुड्डी’त शाळेची प्रार्थना.

तर पहिलं गृहीतक असं: *देसाईंचं संगीत जिथे कथेच्या आतून येतं तिथे ते सर्वांत प्रभावी असतं, आणि भाषा न कळणाऱ्या प्रेक्षकापर्यंतही पोचतं.*

ही सवय कुठून आली असावी? १९२९ मध्ये कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीत ते आले ते संगीतकार म्हणून नव्हे. छोट्या भूमिका केल्या, गायले, पडेल ते काम केलं आणि गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे, मास्टर कृष्णराव यांच्या हाताखाली शिकले. ‘अयोध्येचा राजा’मध्ये (१९३२) ते गातानाही दिसतात. याच कंपनीने १९३७ मध्ये ‘कुंकू’ काढला. त्याचं संगीत केशवराव भोळ्यांचं, आणि त्यात पार्श्वसंगीतच नाही. जो आवाज येतो तो प्रसंगातल्या कुठल्यातरी वस्तूतून किंवा माणसाकडून येतो. संगीत कधी द्यायचं नाही, हे ज्या घरात शिकवलं जात होतं त्या घरात देसाई वाढले. हा थेट पुरावा नव्हे, पण परिस्थितीजन्य पुरावा म्हणून भक्कम आहे. प्रबंधात हा फरक शब्दांत दाखवा: "यामुळे झालं" आणि "याच्याशी सुसंगत आहे" ही दोन वेगळी वाक्यं आहेत. व्हायवात नेमकं इथेच पकडतात.

पहिली चाचणी: शाहीर

‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) हा तमाशापटांच्या लाटेचा पहिला मोठा चित्रपट. ग. दि. माडगूळकरांचं लेखन, जयराम शिलेदार आणि हंसा वाडकर. चार वर्षांनी ‘अमर भूपाळी’. त्यात होनाजी हा जातीने गवळी, लावण्यांसाठी प्रसिद्ध, आणि चित्रपट उभा आहे तो त्याच्या एका भूपाळीवर. पंडितराव नागरकर आणि लता मंगेशकर यांच्या आवाजात ती इतकी घरोघर पोचली की ती एका तमासगीर शाहिराची रचना आहे हे आज अनेकांना सांगावं लागतं.

इथे माझी तक्रार आहे. आमच्या आंबेगाव-जुन्नर भागात तमाशा ही पुस्तकात वाचायची गोष्ट नाही. यात्रा ठरली की गावची मंडळी नारायणगावला राहुट्यांवर जातात, फडाची सुपारी देऊन येतात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर याच मातीतल्या. फडातली ढोलकी आणि हलगी अंगावर येते, सुरत्ये मागून झील ओढतात तेव्हा गवळणीचा शेवट फाटून वर जातो, तुणतुणं एकाच स्वरावर हट्टाने वाजत राहतं. देसाईंच्या पडद्यावरच्या शाहिरीत हे सगळं आहे, पण घासूनपुसून. ढोलकी माइकच्या बेताने वाजते. आवाज बैठकीचा आहे, उघड्या माळावरचा नाही. रामजोशी आणि होनाजी यांना मध्यमवर्गीय घरात मानाने बसवायचं होतं, आणि त्यासाठी फडाचा खरखरीतपणा बाहेर ठेवला गेला.

हे नुकसान मी मोजतो, पण त्यामागचा व्यवहारही समजून घेतो. १९४७-५१ च्या काळात तमाशा म्हटलं की पांढरपेशा समाज नाक मुरडत होता. देसाईंनी शाहिराला ‘कलावंत’ म्हणून ऐकायला लावलं. भूपाळी हा प्रकारच पाहा: पहाटे देवाला उठवायचं गाणं. लावणीकाराच्या तोंडून ते आल्यावर लावणीकडे बघण्याची नजरही बदलते. कानला ‘अमर भूपाळी’ पाहणाऱ्याला मराठी येत नव्हतं, पेशवाई माहीत नव्हती. तरी एका माणसाला एक धून सापडते आणि ती त्याच्यापेक्षा जास्त जगते, एवढं त्याला कळू शकत होतं. गृहीतक इथे टिकतं.

दुसरी चाचणी: जिथे गृहीतक डळमळतं

आता ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५). रंगीत चित्रपट, गोपीकृष्ण यांचं नृत्य, शीर्षकगीताला उस्ताद अमीर खाँ, तबल्याला सामताप्रसाद, पार्श्वसंगीतात तरुण शिवकुमार शर्मांचं संतूर. संगीत पूर्णपणे कथेच्या आतलं, कारण कथाच नर्तकांची. माझ्या गृहीतकाप्रमाणे हे देसाईंचं सर्वोत्तम काम असायला हवं.

मला ते तसं वाटत नाही. एकेक तुकडा सुटा ऐकला तर थक्क व्हायला होतं. अडाण्यातलं ते शीर्षकगीत आजही ऐकताना मान ताठ होते. पण सलग चित्रपट पाहताना मी दमतो. प्रत्येक प्रसंग कळसाला पोचतो, आणि सगळेच कळस असले की उंची कळत नाही. संगीत नृत्याच्या बोलांमागे धावतं. माणसांना आपापसात बोलायला फारशी शांत जागा उरत नाही. ‘कुंकू’च्या शाळेत शिकलेला माणूस इथे रंगीत पडद्याच्या दिमाखापुढे थोडा विरघळलेला दिसतो.

म्हणजे संगीत कथेच्या आतून येणं पुरेसं नाही. अशा वेळी दोन वाटा असतात. एक, हा चित्रपट ‘अपवाद’ म्हणून तळटीपेत ढकलायचा. दुसरी, गृहीतक दुरुस्त करायचं. पहिली वाट सोपी आहे आणि परीक्षकाच्या नजरेतून ती सुटत नाही.

दुरुस्त गृहीतक

दुरुस्तीसाठी पुन्हा रोटाकडे जाऊ. फेलिनीच्या ‘ला स्त्रादा’त (१९५४) जेल्सोमिना नावाची साधीभोळी मुलगी ट्रम्पेटवर एक धून वाजवते. चित्रपटाच्या शेवटाकडे तिला टाकून गेलेला झाम्पानो दुसऱ्या गावात असतो. तिथे एक बाई कपडे वाळत घालताना तीच धून गुणगुणते. तो विचारतो, ही कुठे ऐकलीस? आणि त्या उत्तरातून त्याला कळतं की जेल्सोमिना मेली. धून तीच आहे, एक स्वर बदललेला नाही, पण तिचा अर्थ पूर्ण बदलला आहे.

तर दुरुस्त गृहीतक: *धून कथेच्या आतून यावी आणि परत येताना नवा अर्थ घेऊन यावी.* हे तपासायचं असेल तर गाणं हे एकक चालणारच नाही, कारण ‘परत येणं’ एका तबकडीत मावत नाही. त्यासाठी पूर्ण चित्रपटच एकक लागतो.

या कसोटीवर ‘दो आँखें बारह हाथ’ ठेवा. गोष्टीमागे औंध संस्थानातल्या स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगाचा प्रयोग, कथा माडगूळकरांची. सहा खुनी कैदी आणि त्यांच्यावर विश्वास टाकणारा जेलर आदिनाथ. त्यातली भरत व्यासांची प्रार्थना संगीताच्या दृष्टीने किती साधी आहे बघा. आवाका लहान, शब्दाला धरून चालणारे स्वर, तानेला जागा नाही. ज्याने आयुष्यात कधी गायन शिकलं नाही त्यालाही समूहात म्हणता येईल अशी ती बांधली आहे. याचं कारण कथेत आहे: हे कैदी गवय्ये नाहीत. अमीर खाँसाहेबांना अडाण्यात गायला लावणारा संगीतकार दोन वर्षांनी जाणूनबुजून इतका खाली उतरतो.

आणि पहिल्यांदा ही प्रार्थना ऐकताना ती जेलरच्या प्रयोगाचा भाग वाटते, चांगल्या वर्तणुकीच्या वेळापत्रकातली एक ओळ. आदिनाथाच्या अखेरीशी ती जोडली जाते तेव्हा ती कैद्यांची स्वतःची झालेली असते. त्यांना आता पाहणारे दोन डोळे मिटलेत, आणि प्रार्थना उरली आहे. बर्लिनमधल्या प्रेक्षकाला हिंदी शब्द कळले नसतील, पण हा प्रवास कळायला शब्द लागत नाहीत. चेंबूरच्या शाळेतल्या मुलालाही तो नकळत कळतो, म्हणून शाळांनी ती उचलली.

‘गूँज उठी शहनाई’त (१९५९) हीच गोष्ट वाद्याच्या पातळीवर घडते. बिस्मिल्ला खाँसाहेबांची शहनाई म्हणजे लग्नातलं मंगलवाद्य. चित्रपट तिला विरहाचा आवाज बनवतो. गाणी लोकप्रिय झाली, ती व्हायचीच होती, पण चित्रपटात नायकाचं मन त्याच्या संवादांपेक्षा शहनाईतून जास्त कळतं. अब्दुल हलीम जाफर खाँ यांच्या सतारीसोबतची तिची जुगलबंदी ‘गाणं’ या रकान्यात कुठे भरायची?

तिसरी चाचणी: शून्य गाणी

प्रयोगशाळेत काम करणाऱ्यांना ‘कंट्रोल’ किती मोलाचा हे माहीत आहे. देसाईंच्या कारकिर्दीत तो नशिबाने मिळतो. गुलजारचा ‘अचानक’ (१९७३), विनोद खन्नाचा. या चित्रपटात एकही गाणं नाही. संगीत वसंत देसाईंचं.

गाणं हे एकक धरलं तर ‘अचानक’मधलं देसाईंचं योगदान शून्य. बहुतेक लेखांत या चित्रपटाचा उल्लेखही नसतो, आणि तो का नसतो हे आता तुमच्या लक्षात आलं असेल. ज्याला फक्त गाणी देणारा माणूस समजलं जातं, त्याच्याकडे गुलजारसारखा कवी-गीतकार दिग्दर्शक गाणी नसलेला चित्रपट घेऊन जातो. समकालीन व्यावसायिकांना देसाईंची कुठली बाजू माहीत होती, याचा याहून चांगला पुरावा मला तरी दिसत नाही. आपलं माप आणि त्या काळच्या जाणकारांचं माप जुळत नसेल, तर आधी आपलं माप तपासावं.

सीमा ओलांडलेलं आणि तरी न दिसलेलं

आणखी एक नोंद. ऑक्टोबर १९६६ मध्ये एम. एस. सुब्बुलक्ष्मी संयुक्त राष्ट्रांच्या सभागृहात गायल्या. तिथे त्यांनी ‘मैत्रीं भजत’ ही संस्कृत रचना सादर केली. शब्द कांचीच्या चंद्रशेखरेंद्र सरस्वतींचे, चाल वसंत देसाईंची. कोकणात जन्मलेला, कोल्हापुरात घडलेला, मुंबईत काम करणारा माणूस एका कर्नाटक संगीताच्या गायिकेसाठी चाल बांधतो आणि ती न्यूयॉर्कमध्ये गायली जाते. ‘आंतरराष्ट्रीय’ या शब्दाला आणखी काय हवं? पण ही रचना चित्रपटगीतांच्या यादीत येत नाही, मराठी गाण्यांच्या यादीत येत नाही, आणि कर्नाटक संगीताच्या श्रोत्यांच्या डोक्यात देसाईंचं नाव नसतं. प्रत्येक यादी आपल्या जागी बरोबर आहे. तीन याद्यांच्या मधल्या फटीत माणूस हरवतो.

रंगभूमीचंही तेच. ‘पंडितराज जगन्नाथ’, ‘जय जय गौरीशंकर’ यांची पदं नाट्यसंगीताच्या खात्यात, ‘दो आँखें’ हिंदी चित्रपटाच्या खात्यात, ‘श्यामची आई’ मराठीच्या. हिशोब वेगवेगळ्या वह्यांत असला की एकूण बेरीज कुणीच करत नाही.

मग देसाई रोटाएवढे मोठे होते का?

हा प्रश्न तुमच्या मनात आला असेल, आणि तो टाळणं बरं नव्हे. माझं मत असं: एका बाबतीत रोटा पुढे आहे. चालीकडे तो मिश्कीलपणे पाहू शकतो, स्वतःच्याच गंभीर धुनेची सर्कस करू शकतो. देसाईंकडे हा खट्याळपणा कमी, जरी ‘आशीर्वाद’मध्ये (१९६८) अशोककुमारांच्या तोंडची ‘रेलगाडी’ ऐकली की तो अगदीच नव्हता असं म्हणवत नाही. दुसऱ्या बाबतीत देसाई पुढे आहेत. न गाणाऱ्या माणसाला गाणं देणं, आणि ते त्याचं स्वतःचं वाटेल असं देणं, हे त्यांच्याइतकं फार थोड्यांना साधलं. शाळेतली पोरं दर सकाळी याचा दाखला देतात.

पण हे मत मी पूर्ण चित्रपट बघून देतोय. फक्त गाण्यांची यादी पुढे ठेवून दिलं असतं तर यातलं एकही वाक्य लिहिता आलं नसतं.

तुमच्या सिनॉप्सिससाठी

आपल्या विषयावर हे तीन प्रश्न लावून बघा. उत्तरं एका कागदावर लिहा, मनात ठेवू नका.

एक, माझा डेटा माझ्यापर्यंत येण्याआधी कुणी गाळला? सरकारी नोंदवही, जर्नल, उपकरणाची क्षमता, तबकडीची तीन मिनिटं, काहीतरी चाळण असतेच. दोन, मी धरलेल्या एककात माझा प्रश्न मावतो का? मातीचा कस एका नमुन्यात दिसेल, पण पाणलोटाचा ऱ्हास एका नमुन्यात दिसणार नाही. तीन, माझं गृहीतक मोडेल असं एक तरी उदाहरण मी स्वतः शोधलं का? ‘झनक झनक’ला वगळून हा लेख अधिक गुळगुळीत झाला असता आणि कमी खरा.

ज्यांना या विषयातच काम करायचंय त्यांच्यासाठी: पुण्यात लॉ कॉलेज रोडवर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे आणि शेजारीच जुन्या प्रभातच्या जागेत फिल्म इन्स्टिट्यूट. देसाईंच्या एका चित्रपटाची मिनिटामिनिटाची नोंद करा: कधी संगीत, कधी फक्त आवाज, कधी शांतता, कुठली धून कितव्यांदा. एका चित्रपटाला साधारण आठवडा लागेल. दहा चित्रपट झाले की माझं दुरुस्त गृहीतक टिकतं की पडतं ते आकड्यांत सांगता येईल. पडलं तर मला जरूर कळवा, मी त्यावर पुढचा लेख लिहीन.